दोन स्वल्पविरामांबद्दल आभार

आदरणीय गुरुजी,
सप्रेम नमस्कार.

चेन्नईहून तुम्ही देवनागरीत लिहून पाठवलेल्या त्या एका पानाबद्दल हे पत्र. कर्नाटक संगीतातल्या आदितालातली, एका आवर्तनाची (तालाच्या एका फेरीची) कोर्वै, म्हणजे शेवटाला घ्यायची बोलांची ठरीव रचना:

तकिट तकधिमि । तकतकिट । तकिट
तादिगिणतोम् , तादिगिणतोम् , तादिगिणतोम्

तालाची आठ अक्षरं (हाताने दाखवायचे ठोके), प्रत्येकी चार मात्रा, एकूण ३२. पूर्वांग, म्हणजे पहिली ओळ, ७+५+३, एकूण १५. उत्तरांगात, म्हणजे दुसऱ्या ओळीत, पाच-पाचचे तीन तुकडे आणि मधले दोन स्वल्पविराम, म्हणजे १७. हिशेब सोपा आहे. फसतात ते स्वल्पविराम. तबलेवाल्यांना ती दम घ्यायची जागा वाटते. तुम्ही समासात लिहिलंत, ‘हा तुमचा ऽ, पूर्ण एक मात्रा’, आणि वाद मिटला.

पहिला स्वल्पविराम येतो एकविसाव्या मात्रेवर, नेमका पहिल्या द्रुताचा (एक टाळी आणि एक उलटा हात, अशा दोन अक्षरांच्या भागाचा) हात उलटा होतो तिथे. हात चालतो आणि तोंड गप्प राहायला हवं. घाईत जीभ तिथेच ‘ता’ टाकते. दोन्ही स्वल्पविराम असे गिळले की शेवटचा तोम् तिसाव्या मात्रेवरच संपतो. यावर तुम्ही दिलेल्या खुणा फार कामाच्या: पहिल्या तुकड्याचा ‘दि’ पाचव्या अक्षराच्या टाळीवर, मधल्याचा ‘ण’ सातव्याच्या टाळीवर, तिसऱ्याचा ‘दि’ शेवटच्या उलट्या हातावर. एवढं जुळलं की मात्रा मोजत बसावं लागत नाही.

दुसरी खोड तिहाईची, म्हणजे एकच तुकडा तीनदा घेऊन संपवण्याची. आपल्याकडे तबल्यात शेवटचा धा समेवर, म्हणजे पुढच्या आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर पडतो. इथे तोम् बत्तिसाव्या मात्रेवर संपतो आणि सम पुढच्या बोलाची. तोम् समेवर ओढला तर अख्खी कोर्वै एक मात्रा मागे पडते. आणि हो, उलटा हात म्हणजे आपल्या तालातली खाली (टाळी नसलेली जागा) नव्हे, हेही एकदाचं कळलं.

आधी तोंडाने कोन्नक्कोल (बोल म्हणणं) आणि हाताने ताल, वाद्य सगळ्यात शेवटी. मिनिटाला ४० अक्षरं, म्हणजे आवर्तन १२ सेकंदांचं, तीनदा सलग. दुप्पट लयीत तीनदा म्हटली तर दीड आवर्तन होतं, म्हणून तिथे अर्ध्या आवर्तनापासून उचलायची, ही सूचना नसती तर चूक बोलांत शोधत राहिलो असतो.

खंडचापू तालाचं पान कधी पाठवताय?

आपले,
पुण्यातले तबल्याचे विद्यार्थी