सहा एकर रानात सात एकराचा पेरा

मा. संपादक साहेब,
स.न.वि.वि.

संध्याकाळी गल्लीतली पाचसात लेकरं माझ्याकडं गणित घेऊन बसतात. अपूर्णांकाचा गुणाकार सगळ्यांना येतो, अंशाला अंश, छेदाला छेद, पटापट करतात. पण तोच शाब्दिक उदाहरणात आला की गाडी अडते, कारण कशाला कशानं गुणायचं हेच कळत नाही.

हे बघा. एका शेतकऱ्याचं 6 एकर रान, त्यातल्या 2/3 मधी सोयाबीन आणि उरलेल्याच्या 3/4 मधी कापूस, तर कापूस किती एकर? निम्मी लेकरं डोळे झाकून 2/3 गुणिले 3/4 करतात, उत्तर येतं निम्मं, म्हणजे 3 एकर, आणि वहीवर टिक मारायला मोकळे. आता सोयाबीन 4 एकर अन् कापूस 3, झाले 7, सहा एकरात! असा सातबारा तर कुठला तलाठीबी लिहिणार नाही.

त्यांना मी सांगतो, आधी रान काढा. एक चौकोन, उभे तीन पट्टे, आडव्या तीन रेघा मारून त्याचे चार थर, झाल्या 12 चौकटी, एक चौकट अर्ध्या एकराची म्हणजे 20 गुंठ्याची. दोन पट्टे सोयाबीनचे रंगवून टाका. राहिला एकच पट्टा, त्यात चार चौकटी, त्यातल्या तीन कापसाच्या. दीड एकर. मग खाली मांडायचं 1/3 गुणिले 3/4 बरोबर 3/12, म्हणजे पाव, आणि सहाचा पाव दीड. उरलेली एक चौकट कशाची असं पोरंच विचारतात, म्हटलं लावा म्हशीला घास.

दुसरी अडचण अशी की तिसरीपासून डोक्यात बसलेलं असतं, गुणलं की वाढतं. मग 1/2 गुणिले 1/3 चं उत्तर दोन्हीपेक्षा लहान आलं की लेकरू खोडून परत करतं. तिथं विहीर कामाला येते. आजोबाचा विहिरीत निम्मा हिस्सा, पुढं तीन पोरं, तर एकाच्या वाट्याला निम्म्याचा तिसरा हिस्सा, म्हणजे 1/6, म्हणून सहा दिवसात मोटर लावायची पाळी एकदाच. पाळीवरून घरोघरी किती भांडणं होतात ते काय सांगावं, त्यामुळं वाटा कमी का झाला हे आमच्याकडच्या पोराला वेगळं समजवावं लागत नाही. किराणा दुकानातलं अदपावबी तेच, पावचा निम्मा, 1/8 किलो, 125 ग्रॅम. जुन्या माणसांना पावकी निमकी, म्हणजे पावाचे अन् निम्म्याचे पाढे, पाठ होती तर ते हे सगळं तोंडीच करायचे, आता ती पाठ करून घ्या असं माझं म्हणणं नाही, चौकोन काढला तरी बास.

तुमच्या पेपरात लहान मुलांसाठी शब्दकोडं येतं, चांगलंय, पण आठवड्यातून एक असं उदाहरण छापता आलं तर बघा, बटईचं, विहिरीचं, बियाण्याच्या बॅगचं, आणि बाजूला रान काढायला रिकामा चौकोन सोडा. उत्तर मात्र पुढच्या आठवड्यात द्या. त्याच पानावर उलटं छापलं तर पोरं आधी पेपर फिरवतात.

आपला,
एक वाचक, जि. परभणी