परिविक्षेचा आदेश कोणी काढायचा?

मा. संपादक,
स. न.

पदोन्नतीच्या रखडलेल्या यादीची बातमी कालच्या अंकात वाचली. ‘परिविक्षा कालावधी पूर्ण नसल्याने काही कर्मचारी अपात्र ठरले’ असे एक वाक्य त्यात आहे. वाचणाऱ्याला वाटावे, हे लोकच कुठेतरी कमी पडले असणार. तसे नसते. परिविक्षा म्हणजे नेमणुकीनंतर, कायम करण्याआधी, कर्मचाऱ्याला पारखण्याचा काळ. ती पूर्ण होणे वेगळे आणि ती पूर्ण झाल्याचा आदेश हातात पडणे वेगळे. या दोहोंच्या मधे माझी काय गत झाली ते सांगते.

मी जून 1993 मध्ये सरळसेवेने वर्ग 3 च्या पदावर रुजू झाले. दोन वर्षे परिविक्षा आणि त्याच मुदतीत विभागीय परीक्षा उत्तीर्ण होण्याची अट. पहिल्याच संधीत उत्तीर्ण झाले. जून 1995 मध्ये दोन वर्षे संपली, आदेश काही निघाला नाही. विचारायला गेले की उत्तर ठरलेले: ‘दुसऱ्या वर्षाचा गोपनीय अहवाल आलेला नाही, मॅडम.’ माझ्या कामाचा हा अहवाल लिहिणारे साहेब बदली होऊन दुसऱ्या जिल्ह्यात गेले होते. मी अर्जावर अर्ज दिले, प्रत्येकाची शिक्क्यानिशी पोच घेतली. रजा टाकून दोनदा एस.टी.ने त्यांच्या नव्या कार्यालयात गेले. तेव्हा माझी मुलगी आठ महिन्यांची होती. ‘मी लिहून दिलाय,’ असे ते म्हणाले. कर्मचाऱ्यांचे कागद सांभाळणाऱ्या आमच्या आस्थापना शाखेत येऊन सांगितले, तर ‘आमच्याकडे नाही’.

1998 मध्ये पदोन्नतीची यादी लागली. ज्येष्ठता यादीत मी चौदावी. पंधरा, सोळा आणि अठरा क्रमांकाचे सहकारी वरच्या पदावर गेले. माझ्या नावापुढे शेरा, ‘परिविक्षा पूर्ण आदेश नाही’. संघटनेतील एका ज्येष्ठ सहकाऱ्यांनी सर्वोच्च न्यायालयाच्या 1990 च्या निकालाची झेरॉक्स आणून दिली. आपल्याच राज्यातील सरळसेवेच्या वर्ग 2 अभियंत्यांचे ते प्रकरण. नेमणूक नियमाप्रमाणे झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून धरायची, कायम केल्याच्या तारखेपासून नाही, असा तो निकाल. त्याआधी 1977 मध्ये पटवर्धन प्रकरणात न्या. यशवंत चंद्रचूड यांनी लिहून ठेवले होते की, सरकारी नोकरीत कायम होणे हे ना माणसाच्या कामावर ठरते, ना रिकाम्या जागेवर. मी ते कागद घेऊन कार्यालयप्रमुखांपुढे उभी राहिले. त्यांनी चाळले आणि म्हणाले, ‘ज्येष्ठता वेगळी, पात्रता वेगळी. चौदावा नंबर तुमचाच आहे. तो कोणी काढून घेतलाय का?’

मार्च 1999 मध्ये कार्यालय नव्या जागेत हलले. जुने कपाट सरकवताना मागून रुमालात बांधलेला एक गठ्ठा निघाला. त्यात माझा अहवाल होता. लिफाफ्यावर लाखेचा शिक्का, आत हिरव्या शाईतली सही, खाली तारीख 28 एप्रिल 1995. साहेबांनी खरेच लिहून दिला होता, तोही माझी दोन वर्षे भरण्याआधी. इतकी वर्षे मी त्या माणसाला मनातल्या मनात दोष देत होते, त्याचे मला आजही वाईट वाटते.

मग महिनाभरात आदेश निघाला, ‘जून 1995 पासून परिविक्षा समाधानकारकरीत्या पूर्ण’. पदोन्नती 2000 मध्ये. मानीव दिनांकासाठी, म्हणजे पदोन्नती मागल्या तारखेपासून मिळाली असे कागदोपत्री धरावे यासाठी, पुन्हा नवी फाइल, तो मंजूर झाला 2005 मध्ये. आणि थकबाकी? ‘वरच्या पदाचे प्रत्यक्ष काम केलेले नाही, सबब अनुज्ञेय नाही.’ काम करायला मी कधी नाही म्हटले होते?

यावर उपाय अवघड नाही. धरमसिंग प्रकरणात 1968 मध्येच सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे की, नियमात परिविक्षेची कमाल मर्यादा असेल आणि ती उलटूनही माणसाला कामावर ठेवले असेल, तर तो कायम झाला असे धरावे. अडते ते जिथे नियमात अशी मर्यादा लिहिलेलीच नाही तिथे. ती प्रत्येक सेवेच्या नियमांत लिहा. मुदत संपल्यावर ठरावीक दिवसांत आदेश काढा, काढायचा नसेल तर कारण कर्मचाऱ्याला लेखी द्या. निवडसूचीचे, म्हणजे पदोन्नतीसाठी निवडलेल्यांच्या यादीचे, वर्ष 1 सप्टेंबरला सुरू होते. त्याआधी प्रत्येक कार्यालयाने कोणाचा आदेश का थांबला आहे, हे पदोन्नती समितीपुढे ठेवावे. कागद सांभाळायची जबाबदारी कार्यालयाची असते, मग शिक्षा कर्मचाऱ्याला का?

एवढ्यावरही हे संपले नाही. 2023 मध्ये निवृत्त होताना वेतन पडताळणी पथकाकडून माझे सेवापुस्तक परत आले. 1999 च्या त्याच आदेशाची नोंद आहे, पण साक्षांकित नाही, म्हणजे तिच्याखाली अधिकाऱ्याची सही नाही, असा आक्षेप. साक्षांकन ज्यांनी करायचे ते अधिकारी तोवर हयात नव्हते. आठ महिने तात्पुरत्या निवृत्तिवेतनावर काढले. मुलीचे लग्न त्याच वर्षी होते. निवृत्तिवेतनाच्या प्रकरणांवर आपल्या पत्राने गेल्या काही महिन्यांत एक ओळही छापलेली मला दिसली नाही.

आपल्या वार्ताहरांना एवढेच सांगा, की कालच्या यादीत जे ‘अपात्र’ आहेत त्यांच्या रुजू झाल्याच्या तारखा विचारा, कोणाचा अहवाल कुठे अडला आहे ते विचारा, आणि तेही त्याच पानावर छापा.

आपली नियमित वाचक,
एक निवृत्त कर्मचारी, पुणे