गुरुजी, त्या पाट्यांसाठी थँक्यू

गुरुजी, समोर बसून बोलायला गेलो तर तुम्ही लगेच 'बास रे आता' म्हणणार, म्हणून इथेच लिहितोय.

खरं सांगतो, त्या रात्री माझी पार वाट लागली होती. शाळेच्या पटांगणात पडदा बांधला, अख्खं गाव जमलं आणि सिनेमा कुठला तर दिग्दर्शक दोव्झेन्कोचा 'झेम्ल्या', म्हणजे जमीन, १९३० सालचा, युक्रेनमधला, त्यात मूकपट. पाच मिनिटांत मागून ओरडा, "आरं आवाज वाढीव की!" मधेमधे पडद्यावर येणाऱ्या संवादांच्या पाट्या इंग्रजीत, वाचणार कोण. मी प्रोजेक्टर बंदच करणार होतो तेवढ्यात तुम्ही खुर्ची उचलून पडद्याशेजारी जाऊन बसलात आणि एकेक पाटी आपल्या बोलीत सांगायला लागलात, तयारी नाही की काही नाही.

म्हातारा सेमेन फळांच्या ढिगाशेजारी पडून मरतोय आणि दोस्त त्याला म्हणतोय, मेल्यावर कळव बाबा, सर्गात हायस का नरकात, यावर पुढच्या रांगेतल्या आज्ज्या खुदकन हसल्या. 'कुलक'ला तुम्ही 'बडा बागायतदार' म्हणालात तिथेच निम्मं काम झालं. ट्रॅक्टरचं पाणी संपतं आणि गडी रेडिएटरमध्ये चक्क मुततात, तेव्हा काय हशा पिकला (तिकडच्या सेन्सॉरने हाच सीन कापला होता, काय म्हणावं!). मग सामुदायिक शेतीच्या बाजूचा तरणा वासिल ट्रॅक्टर घालून कुलकाच्या घरातल्या खोमाची हद्द नांगरतो, तुम्ही नुसतं "बांध फोडला!" म्हणालात आणि पटांगण एकदम गप्प. बांधावरून कोर्टात गेलेली निदान चार घरं तिथे बसली होती.

वासिल चांदण्यात धूळ उडवत एकटाच नाचत येतो आणि गोळी लागून पडतो, तिथे तुम्ही काहीच बोलला नाहीत. मी असतो तर नक्की काहीतरी बरळलो असतो.

शेवटी कोणीतरी विचारलं, मग पुढं त्या शेतकऱ्यांचं भलं झालं का? मी सामुदायिक शेतीचं कौतुक करायला तोंड उघडणार, तर तुम्हीच सांगितलंत की १९३२-३३ मध्ये त्याच युक्रेनात सरकारनं धान्य ओढून नेलं आणि लाखो माणसं उपाशी मेली. मागून एक काका म्हणाले, "म्हंजे बांध फोडून बी हातात काय न्हाई." तुम्ही मान डोलावलीत, बस्स. माझं भाषण खिशातच राहिलं, बरंच झालं.

तुमची खुर्ची अजून आमच्या ओट्यावर आहे, उद्या सकाळी आणून देतो. चहा टाकायला सांगा काकूंना.