मृणालला पत्र: वाफेवरचा जिताडा

अलिबाग, रविवार

चि. मृणाल हिस,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर १४८/९६ हा आकडा सांगितलास आणि त्याच दमात आईला विचारलंस, गच्चीवरचे सोडे वाळले का. मी आधी गप्प बसलो. मग बोललो ते चढ्या आवाजात, आणि तू ‘बाबा, उद्या फर्स्ट शिफ्ट आहे’ म्हणून फोन ठेवलास. ब्लडप्रेशरवर आता काही लिहायचं नाही असं ठरवून बसलोय. फक्त मासा कसा वाफवायचा तेवढं लिहितो. गेल्या वर्षी आम्ही तुझ्याकडे सिंगापूरला आलो होतो तेव्हा तुझ्या घरमालकीण आंटींच्या ओट्याशी उभा राहून मी ते सगळं बघून ठेवलंय, आणि आल्यापासून इथे नेमाने करतो. आईला आधी वास येईल असं वाटलं होतं. आता तीच विचारते, आज वाफेवरचा का?

तुझ्या खोलीच्या करारात ‘लाइट कुकिंग’ एवढीच मुभा आहे, तळण नको, मसाल्याचा वास नको, हे कारण तू दर वेळी सांगतेस आणि मग बाहेरचं खातेस, नाहीतर पाकिटातले नूडल्स. पण आंटी स्वतः रोज रात्री काय करतात ते तुझ्या डोळ्यांसमोर आहे. वाफेला कोण हरकत घेणार? भात, मासा, एखादी पालेभाजी. अर्ध्या तासात ताट वाढून होतं. शिफ्टवरून आल्यावर अर्धा तास काढता येतो. मी थळला कारखान्यात रात्रपाळ्या केल्यात, त्यामुळे अंगात त्राण नसतं म्हणजे काय हे मला माहीत आहे. तरी डबा गरम करून खाल्ल्याशिवाय तुझ्या आईने मला कधी झोपू दिलं नाही. तुझ्याजवळ तिथे असं कोणी नाही, एवढंच म्हणायचं होतं.

तर मासा. टेक्का मार्केटात ‘सियाकाप’ म्हणून जो मांडून ठेवतात तो आपला जिताडाच, खवले बघूनच मी ओळखला होता. तिथे समुद्रात जाळ्यांचे पिंजरे टाकून वाढवतात, म्हणून बारा महिने मिळतो आणि ताटलीत मावेल एवढा मिळतो. इथे तो पाच-सहा किलोचा, मी तुकड्या करून घेतो. तुला एकटीला पाव किलोची जाड तुकडी पुरे. कोणी जेवायला असेल तर अर्धा-पाऊण किलोचा अख्खा घे. पापलेटही फार चांगलं होतं, पण चिनी नववर्षाच्या आधी भाव चढतात तेव्हा त्याच्या वाटेला जाऊ नकोस. सुरमई नको, वाफेवर कोरडी पडते. डोळा, कल्ले, बोटाने दाबून बघणं हे तुला सांगायला नको. लहानपणी कोळणीच्या पाटीतला मासा हातात घेऊन ‘हा कालचा आहे’ असं तोंडावर सांगायचीस आणि ती तुझ्यासमोर खोटं बोलायची नाही.

मासा धुऊन कोरडा पुसायचा, ओला ठेवायचा नाही. अख्खा असेल तर दोन्ही बाजूंनी काट्यापर्यंत दोन-तीन चिरा. खालीवर मीठ अजिबात लावायचं नाही, हे नीट वाच. ताटलीत कांद्याच्या पातीच्या लांब काड्या आडव्या ठेवायच्या आणि त्यांच्यावर मासा, म्हणजे खालूनही वाफ फिरते. वर आल्याच्या चार-सहा चकत्या, थोड्या पोटातही. आणि पाणी खळाखळा उकळल्याशिवाय ताटली आत ठेवायची नाही. मी पहिल्यांदा गार पाण्यावर ठेवायला निघालो तर आंटींनी माझा हात धरला. हळूहळू तापलं की मासा पाणी सोडतो आणि चिवट होतो. एकदा झाकण लावलं की उघडायचं नाही. अर्ध्या-पाऊण किलोच्या अख्ख्या माशाला आठ ते दहा मिनिटं, तुकडीला सहा-सात. मग आच बंद करून दोन मिनिटं तसाच राहू दे. डोळा पांढरा होऊन बाहेर आला आणि सर्वांत जाड भागात चॉपस्टिक न अडता गेली की झाला. काट्याजवळ अगदी किंचित गुलाबी दिसलं तर घाबरू नकोस, ताटलीच्या उष्णतेवर तेवढं होतं. इथे मी कुकरची शिटी काढून त्यात तिवई ठेवतो. मोदकपात्र तुझी आई माशाला देत नाही आणि ते बरोबरच आहे.

ताटलीत जे गढूळ पाणी जमतं ते ओतून टाकायचं. आपल्याला वाटतं, रस वाया गेला. पण सगळा उग्र वास त्या पाण्यातच असतो. खालची पात आणि आलंही काढून टाक. आता नवीन आलं आणि पात, सुईसारखं बारीक चिरलेलं, मूठभर, माशावर पसरायचं. तुझ्याकडे आईने दिलेली लोखंडी पळी आहे ना, तिच्यात एक चमचा तेल चांगलं धूर येईपर्यंत तापवायचं आणि वरणावर फोडणी ओततो तसं त्या पातीवर ओतायचं. चर्र आवाज आला पाहिजे. त्या एका आवाजासाठी मी सगळा खटाटोप करतो असं आई म्हणते. सोया सॉस सगळ्यात शेवटी, माशावर नाही, कडेने.

आता ह्या सोया सॉसचं. आंटी दोन मोठे चमचे घालतात. तू एक घाल, त्यात दोन चमचे गरम पाणी आणि चिमूटभर साखर. आणि ताटलीतला सगळा भातावर ओतून घेऊ नकोस, मासा बुडवण्यापुरता घे. एका मोठ्या चमच्यात साधारण ९०० मिलिग्रॅम सोडियम असतं. जागतिक आरोग्य संघटना मोठ्या माणसाला दिवसाला २००० च्या आत राहायला सांगते, म्हणजे दिवसभरातलं सगळं मिळून ५ ग्रॅम मीठ, एक लहान चमचा. त्यात तुझे नूडल्स, लोणचं, पापड, तिथल्या सुपांचं पाणी, सगळं आलं. नूडल्सच्या पाकिटामागे सोडियमचा आकडा छापलेला असतो, तो एकदा वाच आणि मला कळव. कळवच. आईने बॅगेत घातलेला खारा बांगडा मी परत काढायला लावणार होतो, तुझं तोंड बघून गप्प राहिलो. महिन्यातून एकदा खा. आंटी पापलेटवर खारवलेली मोहरीची पानं आणि आंबट प्लम घालतात, टोमॅटो आणि टोफूबरोबर. ती त्यांच्या चिनी तेओच्यू लोकांची रीत, आणि चव फार छान होती, मी दोनदा घेतलं होतं. तुझ्यासाठी मात्र पानं आणि प्लम वगळून. टोमॅटोचा आंबटपणा पुरतो.

लांबण लागलं, रागावू नकोस. मी उपदेश करायला लागलो की तुझा चेहरा कसा होतो ते मला इथून दिसतं. पण आक्काचं तुला माहीत आहे. तीही म्हणायची, डोकं जरासं जड आहे, झोपले की बरं वाटेल. घरात माणसं असून कोणाला कळलं नाही. तू तर खोलीत एकटी.

काल जिताडा साफ करताना काकाच्या तळ्याची आठवण झाली. तेव्हा तू दुसरीत होतीस. पावसाळ्यात खाडीतली पिल्लं आणून तळ्यात सोडलेली असायची, दोन-तीन वर्षांनी उन्हाळ्यात पाणी कमी झालं की पागाचं जाळं टाकायचं, आणि सगळं खारेपाट बघायला जमायचं. त्या वर्षी मोठा जिताडा आला, काकाच्या मांडीएवढा. सगळे ओरडत होते आणि तू मध्येच घुसून त्याला कल्ल्याखाली हात घालून धरलंस. जिताड्याच्या कल्ल्याची कड ब्लेडसारखी धारदार असते, हे तुला कोणी सांगितलं नव्हतं. मासा सोडला नाहीस. काकाच्या पाटीत तो पडेपर्यंत धरून होतीस आणि मग गर्दीत मागे जाऊन उभी राहिलीस. संध्याकाळी आईने फ्रॉक धुवायला घेतला तेव्हा आतून रक्ताने भिजलेला. अंगठा फ्रॉकच्या घेरात गुंडाळून तू दुपारभर सगळ्यांबरोबर हसत होतीस, जेवलीसही डाव्या हाताने. तो व्रण अजून आहे. तेव्हा गावभर सांगत फिरलो होतो, माझ्या पोरीने जिताडा सोडला नाही. आता रात्री जाग येते तेव्हा मासा आठवत नाही, तो गुंडाळलेला अंगठा आठवतो.

म्हणून तू ‘मी ठीक आहे’ म्हणतेस तेव्हा मला पटत नाही. ह्यात तुझा काही दोष नाही. तू जहाजाच्या टाकीत उतरून वेल्डिंग तपासतेस, पुरुषांना कामं सांगतेस. मागे तू पाठवलेला हेल्मेटमधला फोटो मी स्टँडवर सगळ्यांना दाखवलाय, पोयनाडच्या एसटीच्या वाहकालासुद्धा. इतकी वर्षं कारखान्यात काढली पण बाईमाणूस टाकीत उतरताना मी कधी पाहिलं नव्हतं. माझी मुलगी उतरते. पण आत उकाडा किती असतो तेही मला ठाऊक आहे, आणि उपाशीपोटी, वरून हे प्रेशर, चक्कर आली तर? आलं पुन्हा तिथेच. लिहिणार नव्हतो.

बाकी इकडे ठीक. आईचा गुडघा थंडी गेल्यापासून बरा आहे. सोडे वाळले, पण ह्या खेपेला पाठवत नाही, कारण वर दिलंय. त्याऐवजी आंबोशी पाठवतो, आई मीठ न लावता वाळवते आहे. विकासचं अजून जमत नाही, त्याबद्दल तू त्याच्याशी बोल, माझं ऐकत नाही. आंटींना आमचा नमस्कार सांग आणि म्हणावं, तुम्ही शिकवलेला मासा अलिबागला पोचला. त्यांच्या नातवाचा पाय बरा झाला का तेही विचार. खरं तर तू आठवड्यातून दोनदा त्यांच्याबरोबरच जेव. त्यांनी मला तसं सांगितलं होतं, आपण संकोच केला. बाजारातला मासा तू आण, वाफवतील त्या. कोणाबरोबर जेवलं की पोटभर जेवलं जातं, आणि एखाद्या रात्री तू जेवायला आली नाहीस तर दार वाजवायला कोणी असेल.

फोन रात्री करत जा. आमचे साडेसात म्हणजे तुझे दहा, तेव्हा जेवून झालेलं असलं पाहिजे. ताट दाखव म्हणणार नाही. दाखवलंस तर आईला बरं वाटेल.

तुझा,
बाबा

ता. क. गोळी चालू केली की अजून नुसतंच बघू म्हणालेत, हे तू सांगितलंच नाहीस. डॉक्टरांनी परत कधी बोलावलंय ती तारीख कळव. आणि मशीनवर सकाळी उठल्यावर, चहाच्या आधी, पाच मिनिटं शांत बसून मोजायचं, जिना चढून आल्या आल्या नाही.