वेतनश्रेणी कोर्टाने ठरवू नये, पण फाइलला मुदत घालावी

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

न्यायालयीन कर्मचाऱ्यांच्या पगाराबद्दल आपल्याकडे छापून आलेल्या पत्रात एका वाचकाने विचारले आहे, की ही मंडळी न्यायाधीशांच्याच हाताखाली काम करतात, मग साहेबांनी एक आदेश काढला की झाले, अडते कुठे? माझी एकतीस वर्षे तालुका आणि जिल्हा न्यायालयांत लघुलेखिका म्हणून गेली. हा प्रश्न मला घरच्यांनीही विचारलेला आहे, म्हणून लिहिते.

अडते ते घटनेपाशी. उच्च न्यायालयाच्या कर्मचाऱ्यांचे सेवानियम मुख्य न्यायमूर्ती करतात, पण पगार, भत्ते, रजा, पेन्शन यांच्या नियमांना राज्यपालांची, म्हणजे व्यवहारात सरकारची, मान्यता लागते. हे कलम २२९. आम्हा जिल्ह्यातल्यांना ते थेट लागू नाही, पण तिजोरीची किल्ली आमच्याही बाबतीत सरकारकडेच. मुंबई उच्च न्यायालयातल्या लघुलेखक आणि स्वीय सहायकांच्या संघटनेने वरच्या वेतनश्रेणीसाठी त्याच न्यायालयात रिट याचिका केली आणि जिंकलीही. सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये तो निकाल फिरवला. श्रेणी ठरवायची ती मुख्य न्यायमूर्तींनी नियम करून, सरकारची मान्यता घेऊन. रिट ऐकणाऱ्या खंडपीठाने ते काम अंगावर घेऊ नये. शिवाय पदाचे नाव सारखे म्हणून काम सारखे, असेही होत नाही.

निकालाची बातमी आली तेव्हा मी चिडले होते. दिवसभर डिक्टेशन घ्यायचे, संध्याकाळी ते टाइप करायचे, शेवटची एसटी चुकली तर मैत्रिणीकडे मुक्काम, आणि वर हे ऐकायचे! राग उतरला तो भूसंपादनाची निकालपत्रे टाइप करताना. तिथे कोर्ट गुंठ्याचा भाव वाढवून देते, कारण शेजारच्या गटाचे खरेदीखत पुराव्यात दाखल असते. बागायत की जिरायत, रस्त्यालगत की आत, विहीर आहे का, सगळे तपासून आकडा निघतो. लघुलेखकाच्या पेन्सिलीचा भाव काढायला कुठले खरेदीखत दाखल करणार? मंत्रालयातल्या लघुलेखकाचे काम आणि माझे काम तोलायचे, तर बेलिफ, नाझर, शिरस्तेदार, कनिष्ठ लिपिक, शिपाई, सगळ्यांची उतरंड एकदम मांडावी लागते. एक मडके हलवले की बाकीची हलतात. एका रिटच्या कागदांवरून हे होत नाही, आणि निकाल देणाऱ्यांनी आपल्याच कचेरीतल्या माणसांचा पगार ठरवणे बघायलाही बरे दिसत नाही.

पण म्हणून कोर्टाचे हात बांधलेले आहेत, हेही मला मान्य नाही. न्यायव्यवस्थेतल्या पगारांसाठी नेमलेल्या न्यायमूर्ती शेट्टी आयोगाने न्यायाधीशांबरोबर आम्हा कर्मचाऱ्यांचाही विचार केला होता. त्या शिफारशी कर्मचाऱ्यांना १ एप्रिल २००३ पासून लागू करा, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २००९ मध्ये राज्यांना बजावले. तोलण्याचे काम आयोगाने आधी केलेले होते, त्यामुळे कोर्टाला नेट लावता आला. नंतरचा, २०१७ चा रेड्डी आयोग मात्र न्यायिक अधिकाऱ्यांपुरता. त्यांना मिळाले याचे दुःख नाही, आमचे साहेबही रात्री घरी निकालपत्रे लिहीत बसायचे. पण त्यांच्यासाठी तराजू मांडला तेव्हा आम्हाला दाराबाहेर का ठेवले?

दुसरी गोष्ट सरकारच्या उत्तराची. खुद्द सर्वोच्च न्यायालयाचे कर्मचारी पगारासाठी आपल्याच न्यायालयात गेले होते. १९८९ च्या त्या निकालात श्रेणी दिली नाही, पण सरन्यायाधीशांनी केलेल्या नियमांना, नाकारायला सबळ कारण नसेल तर, सरकारची मान्यता मिळायला हवी असे म्हटले. आमच्या वाट्याला काय आले? वेतनत्रुटीचा प्रस्ताव आमच्या कार्यालयातून वर गेला. पहिले स्मरणपत्र मीच टाइप केले, दुसरे, तिसरे, चौथेही. मग एका ओळीचे उत्तर आले, ‘प्रस्ताव मान्य करता येत नाही.’ का, ते नाही. कुणी तपासला, ते नाही. आमच्याकडे एखाद्या कनिष्ठ न्यायाधीशाने असा बिनकारणाचा निकाल दिला असता, तर अपिलात पहिल्याच तारखेला उडाला असता!

इथे कोर्टाने जरूर हात घालावा. आकडा सांगू नये. अमुक महिन्यांत निर्णय घ्या, नाकारणार असाल तर कारणे लिहून कळवा, एवढा आदेश द्यावा. त्याने कुठल्याही मर्यादेचा भंग होत नाही.

माझी पेन्शन ठरून गेली, यातून मला आता काही मिळायचे नाही. त्या एका ओळीच्या उत्तरानंतर आमच्या लोकांनी नवा प्रस्ताव पाठवला आहे. माझ्या जागी आलेली मुलगी परवा बाजारात भेटली. म्हणाली, ‘ताई, त्याचे दुसरे स्मरणपत्र गेल्या आठवड्यात गेले. तुमच्याच जुन्या मसुद्यावरून केले, फक्त तारीख बदलली.’

आपली,
एक निवृत्त लघुलेखिका,
जि. सातारा