येलहंक्याहून आल्यावर

चि. दीपक यास,
अनेक आशीर्वाद.

बेळगावात हवाई दलाच्या ट्रेनिंगमध्ये फोन तुझ्या हाती मिळत नाही, म्हणून लिहितो. मागच्या पत्रात तू विचारलंस, ‘आप्पा, गावात लोकांना काय सांगता?’ खरं सांगू? टपरीवर मी ‘पोरगं विमान उडवतं’ असं ठोकून द्यायचो. पान्या-स्क्रूचं नाव काढायला जीभ वळत नव्हती.

फेब्रुवारीत ताईकडे बंगळूरला गेलो, तेव्हा जावईबापूंनी येलहंक्याला विमानांचा शो दाखवला. हवाई दलाच्या सूर्यकिरण या कसरती करणाऱ्या पथकाची नऊ हॉक विमानं. पेरणीला मी तुला शिकवलं होतं ना, बैलांच्या पायाकडे बघू नको, धुऱ्यावरच्या बाभळीवर नजर ठेव, तास सरळ जातं. इथं उलटंच! पुढचा लीडर सोडला तर समोर कुणी बघतच नाही, ज्याची त्याची नजर शेजारच्या विमानावर. मधे पाच मीटरही जागा नाही, आपल्या केळीच्या तीन ओळी म्हण. वळताना कडेच्याला जोर लावावा लागतो, आतला दमानं घेतो. खळ्यात पातीचे बैल फिरायचे, तसंच.

तिरंगी धूर बघून वाटलं, रंगच उधळतात. तर ते डिझेल, रे! इंजिनाच्या गरम झोतात सोडलं की धूर होतो, त्यात रंग मिसळतात. नऊपैकी एकाचाही धूर अडकला असता तर आभाळातली ओळ तिथंच तुटली असती.

हे पथक १९९६ चं, बिदरचं. जुनी किरण विमानं शिकाऊ पोरांना हवी होती, म्हणून २०११ ला थांबवलं, मग हॉकवर पुन्हा उभं केलं. याच येलहंक्यात २०१९ ला सरावात दोन विमानं धडकली, एक पायलट गेला. जावईबापूंनी हे शो संपल्यावर सांगितलं, बरं केलं.

मी दुर्बिणीतून धावपट्टीकडेच जास्त बघत होतो. एका पोरानं चाकाखालचे ठोकळे ओढले, बाजूला झाला, ताठ उभं राहून सलाम ठोकला, मग विमान हललं. तोंड दिसलं नाही. उभं राहायची ढब मात्र तुझी.

काल टपरीवर सांगून टाकलं, पोरगं विमान उडवत नाही, दुरुस्त करायला शिकतंय. चहावाला म्हणे, ‘मग आप्पा, सुट्टीत आला की माझी लूना बघेल का?’ मी हो म्हणून बसलोय.

आईनं बिबडे वाळवलेत, डबा पाठवतो. एकटा खाऊ नको.

तुझा,
आप्पा