‘गोजिरा’चा शेवट असा नाही

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीतील जुन्या जपानी विज्ञानपटांवरच्या लेखात ‘गोजिरा’ (म्हणजे गॉडझिला, १९५४) हा महाकाय प्राण्याचा चित्रपट जगाने सुटकेचा निःश्वास टाकून संपतो, असे म्हटले आहे. तो शेवट १९५६च्या अमेरिकी आवृत्तीचा. तिच्यात वार्ताहर झालेल्या रेमंड बर या अमेरिकी नटाची नवी दृश्ये घुसवली, आणि तरीही मूळ ९६ मिनिटांचा चित्रपट ८०च्या आसपास आणला. रेल्वेच्या डब्यात नागासाकीची आठवण काढणारी तरुणी त्यात कापली गेली. अणुचाचण्या चालू राहिल्या तर दुसरा गोजिरा येईल, हा चित्रपटातले शास्त्रज्ञ डॉ. यामाने यांचा शेवटचा इशाराही गेला. १ मार्च १९५४ला पॅसिफिकमधल्या बिकिनी बेटांवरच्या अमेरिकी अणुचाचणीची राख एका जपानी मासेमारी बोटीवरच्या २३ जणांवर पडली, त्यातला एक सप्टेंबरात वारला आणि ३ नोव्हेंबरला हा चित्रपट लागला. तो इशारा गाळणे म्हणजे चित्रपटाचा जीवच काढून घेणे.

चित्रपटातले दुसरे शास्त्रज्ञ डॉ. सेरिझावा यांच्या शोधाला लेखात एकच ओळ मिळावी, याचे वाईट वाटते. प्राणवायूवर संशोधन करताना त्यांच्या हाती भलतेच लागते: टाकीत एक गोळी पडते आणि माशांचे नुसते सांगाडे उरतात. हे एकदा वापरले की सत्ताधारी त्याचे अस्त्र करणार, हे ते ओळखून असतात. कागद जाळता येतात, डोक्यातले सूत्र नाही. म्हणून गोजिराला मारण्यासाठी समुद्रतळाशी त्या शोधाचे यंत्र सुरू करून ते स्वतःची दोरी कापतात.

गोजिराला लेखात ‘रबरी सोंग’ म्हटले आहे, हा शेराही अन्यायाचा आहे. विशेष दृश्यांचे दिग्दर्शक एइजी त्सुबुराया यांनी टोकियो १/२५ मापात उभे केले. पडायला लागणारा वेळ उंचीच्या वर्गमुळाप्रमाणे बदलतो. म्हणजे या मापाला सेकंदाला २४ऐवजी सुमारे १२० चौकटी (फ्रेम) कॅमेऱ्याने टिपायला हव्यात. कमी घेतल्या तर इमारत खोक्यासारखी पटकन पडते आणि खेळणे वाटते. पण चौकटी पाचपट म्हणजे दिवेही पाचपट, आणि त्या उष्णतेत गोजिरा झालेले नट हारुओ नाकाजिमा जाड रबरात! वितळणारे विजेचे मनोरे मेणाचे होते.

पाहताना जपानी संवादांची, ९६ मिनिटांची प्रतच घ्यावी. अमेरिकी वार्ताहर कथा सांगू लागला, तर प्रत चुकीची. टीव्हीवर चित्र ताणू नये. दोन्ही बाजूंच्या काळ्या पट्ट्या तशाच राहू द्याव्यात, नाहीतर गोजिरा बुटका दिसतो.

आपला,
एक वाचक, पुणे